नाचणाऱ्या पायांचा आवाज

सुट्टीच्या दिवशी घरातली मुलं कार्टून लावून बसली असतील, तर एक गंमत करून पाहा. पडद्याकडे पाठ करा आणि नुसतं ऐका. कोणतं पात्र ठेंगणं आहे, कोणतं उंच, कोण पाय आपटत चालतंय आणि कोण चवड्यांवर येतंय, यातलं बरंचसं तुम्हाला चित्र न बघताच कळेल. मुलांना विचारून खात्री करून घ्या. दहापैकी सात-आठ वेळा तुमचा अंदाज बरोबर निघेल.

याचं कारण असं, की चांगल्या कलाकाराच्या आवाजाला शरीर असतं. माइकसमोर उभं राहून बोलणारा माणूस आपल्याला दिसत नाही, पण त्याचे खांदे, त्याची मान, त्याचा श्वास हे सगळं आवाजातून येतं. म्हणूनच आज एका अशा बाईची गोष्ट सांगायची आहे, जिने आयुष्याची सुरुवात केली ती पायांनी, आणि जगभरची मुलं जिला ओळखतात ती आवाजाने. तिचं नाव अर्था किट.

तुम्ही कदाचित हे नाव ऐकलं नसेल. पण डिस्नेचा 'द एम्परर्स न्यू ग्रूव्ह' पाहिला असेल, तर तिचा आवाज नक्की ऐकलाय. १५ डिसेंबर २००० रोजी आलेला हा चित्रपट. दक्षिण अमेरिकेतल्या डोंगरांमधलं एक राज्य, तिथला उर्मट तरुण सम्राट कुझ्को आणि त्याची म्हातारी सल्लागार इझ्मा. सम्राट इझ्माला एका झटक्यात नोकरीवरून काढून टाकतो. ती त्याच्यावर विषप्रयोग करायला जाते आणि चुकीच्या बाटलीमुळे सम्राटाचा होतो लामा, म्हणजे उंटाच्या कुळातला तो लोकरवाला प्राणी. पुढचा सगळा धुमाकूळ मुलांना तोंडपाठ असतो.

ही इझ्मा काडीसारखी बारीक, पापण्या कोळ्याच्या पायांएवढ्या लांब, अंगावर पिसांचा थाट. आणि आवाज? क्षणात रेशमासारखा मऊ, क्षणात पत्र्यावर खिळा ओढल्यासारखा. मध्येच मांजर गुरगुरावं तसा 'र' लांबवायचा. चित्रपट आला तेव्हा या आवाजाची मालकीण ७३ वर्षांची होती.

कापसाच्या शेतातली मुलगी

अमेरिकेच्या दक्षिण कॅरोलायना राज्यात 'नॉर्थ' नावाचं एक छोटं गाव आहे. दक्षिणेतल्या गावाचं नाव उत्तर! तिथे १७ जानेवारी १९२७ रोजी अर्थाचा जन्म झाला. आई कृष्णवर्णीय आणि चेरोकी वंशाची. वडील गोरे होते असं म्हणत, पण ते कोण हे तिला कधीच समजलं नाही. त्या काळच्या दक्षिणेत ही गोष्ट मोठ्याने बोलण्यासारखी नव्हती. गोऱ्यांच्या लेखी ती काळी, आणि काळ्यांच्या वस्तीत तिचा उजळ रंग टोचायचा. आईने दुसरा संसार मांडला तेव्हा त्या घरात या मुलीला जागा मिळाली नाही. दुसऱ्यांच्या दारात राहून, कापूस वेचत ती वाढली. साधारण आठ वर्षांची असताना तिला न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात मावशीकडे पाठवलं गेलं.

आपला खरा जन्मदिवस कोणता हेसुद्धा तिला सत्तरीपर्यंत माहीत नव्हतं. १९९०च्या दशकाच्या अखेरीस दक्षिण कॅरोलायनातल्या बेनेडिक्ट कॉलेजच्या विद्यार्थ्यांनी तिचा जन्मदाखला शोधून काढला, तेव्हा तारीख कळली. त्या दाखल्यावर वडिलांचं नाव होतं, पण काळ्या शाईने झाकलेलं. इतकी वर्षं लोटल्यावरही ते झाकलेलंच ठेवायचं, असं कुणीतरी ठरवलेलं होतं.

न्यूयॉर्कमध्ये शाळा, किरकोळ कामं, मध्येच घर सोडून जाणं, पुन्हा परतणं असं चाललं होतं. आणि सोळाच्या सुमाराला मैत्रिणीशी लागलेल्या पैजेपायी ती एका नृत्यमंडळीच्या निवड चाचणीला गेली. ती निवडली गेली आणि तिला शिष्यवृत्तीही मिळाली. मंडळी होती कॅथरीन डनहॅम यांची.

डनहॅमबाईंच्या तालमीत

इथे जरा थांबूया, कारण पुढचं सगळं या तालमीतून उगवलंय.

डनहॅमबाई नुसत्या नर्तकी नव्हत्या. त्या शिकागो विद्यापीठात मानववंशशास्त्र शिकलेल्या. १९३०च्या दशकात त्या हैती, जमैका अशा कॅरिबियन बेटांवर जाऊन राहिल्या, तिथल्या लोकांचे नाच, विधी, ढोल यांचा त्यांनी अभ्यास केला आणि त्यातून स्वतःची नृत्यपद्धती बांधली. तिच्यातलं एक मुख्य अंग म्हणजे शरीराचा एकेक भाग सुटा करून हलवणं. खांदे हलतील पण कंबर नाही. मान फिरेल पण छाती स्थिर. पायांत एक ताल, खांद्यांत दुसरा. करून पाहा, पोटावर हात फिरवत डोक्यावर टपली मारण्याच्या खेळाची आठवण होईल, आणि हे त्याच्या शंभरपट अवघड.

त्यांच्या न्यूयॉर्कच्या शाळेत नाचाबरोबर अभिनय, भाषा आणि मानववंशशास्त्रही शिकवत. मार्लन ब्रँडो आणि जेम्स डीन यांच्यासारखे नट तिथे धडे घ्यायला यायचे. या मंडळीच्या कार्यक्रमात नाचणाऱ्यांना गावंही लागे. म्हणजे अर्थाला पहिल्या दिवसापासून शिकवण मिळाली ती अशी, की नाच, गाणं आणि बोलणं या तीन वेगळ्या खोल्या नाहीत.

मंडळीबरोबर ती अमेरिकेत फिरली, मेक्सिकोला गेली, १९४८ मध्ये लंडनला आणि तिथून पॅरिसला. पॅरिसमध्ये तिने मंडळी सोडली आणि नाइटक्लबमध्ये गायला लागली. विशीत नुकतीच पोचलेली मुलगी, परकं शहर, पाठीशी कुणी नाही. तिथेच ऑर्सन वेल्स या दिग्दर्शकाने तिला आपल्या नाटकात घेतलं आणि 'जगातली सर्वांत चित्तवेधक स्त्री' अशी तिची जाहिरात केली. ती बिरुदावली तिला आयुष्यभर चिकटली.

पुढची पंधरा वर्षं भराभर सांगते, कारण ती यशाची आहेत आणि यश सगळीकडे सारखंच दिसतं. 'न्यू फेसेस ऑफ १९५२' हा ब्रॉडवेवरचा कार्यक्रम गाजला. त्यात एका गाण्यात ती एका कोचावरून दुसऱ्या कोचावर मांजरासारखी सरपटत जायची आणि गाणं तसंच चालू राहायचं. १९५३ मध्ये नाताळचं 'सांता बेबी' हे गाणं आलं. ते अजून दर डिसेंबरला वाजतं. तिने फ्रेंचमध्ये गायलं, तुर्की भाषेत गायलं. १९६७ मध्ये 'बॅटमॅन' या दूरदर्शन मालिकेत ती कॅटवूमन झाली. मोजक्याच भागांत दिसली, पण तिची ती गुरगुर लोक विसरले नाहीत. एका कृष्णवर्णीय स्त्रीने त्या काळी घराघरांतल्या पडद्यावर अशी ठसकेबाज खलनायिका उभी करणं ही लहान गोष्ट नव्हती.

जेवणाच्या टेबलावरचं एक उत्तर

१८ जानेवारी १९६८. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी लेडी बर्ड जॉन्सन यांनी व्हाइट हाउसमध्ये काही कर्तबगार स्त्रियांना दुपारच्या जेवणाला बोलावलं होतं. चर्चेचा विषय होता वाढती गुन्हेगारी आणि तरुण मुलं. अर्थाही पाहुण्यांमध्ये होती. आदल्या दिवशी तिने एकेचाळीस पूर्ण केली होती, पण तिला ते ठाऊक नव्हतं.

तिने गोड बोलून वेळ मारून नेली नाही. मुलं बिघडतायत कारण तुम्ही त्यांना व्हिएतनामच्या युद्धावर पाठवताय, देशातली उत्तम पोरं तिकडे मरतायत आणि लुळीपांगळी होऊन परततायत, मग त्यांनी नीट का वागावं, अशा आशयाचं ती सरळ बोलली. तेही यजमानीणबाईंच्या तोंडावर. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत हीच बातमी.

आणि मग अमेरिकेतलं काम आटलं. ठरलेले कार्यक्रम रद्द झाले, नवी बोलावणी येईनात. १९७५ मध्ये वर्तमानपत्रांतून उघड झालं, की त्या जेवणानंतर सीआयए या गुप्तहेर संस्थेने तिच्या खासगी आयुष्याबद्दल वाटेल ती माहिती गोळा करून चक्क फाइल बनवली होती. एका गायिकेची, एका नर्तकीची फाइल! घरी लहान मुलगी होती, तिला वाढवायचं होतं. तेव्हा तिने युरोपात आणि इतरत्र, जिथे काम मिळेल तिथे केलं.

परत यायला दहा वर्षं गेली. १९७८ मध्ये ब्रॉडवेवर 'टिंबक्टू!' या संगीतिकेत ती आली तेव्हा पन्नाशी उलटली होती, आणि या भूमिकेसाठी तिला टोनी पुरस्काराचं नामांकन मिळालं. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष जिमी कार्टर यांनी तिला व्हाइट हाउसमध्ये बोलावलं. पण गेलेली दहा वर्षं कुणी परत देत नाही. नाचणाऱ्या शरीरासाठी चाळीस ते पन्नास ही दहा वर्षं म्हणजे काय, हे नाचणाऱ्यांना विचारा. गुडघे तारखा विसरत नाहीत.

आता पुन्हा इझ्माकडे या. राजवाड्यात वर्षानुवर्षं काम केलेली एक बाई, आणि सत्तेवर बसलेला माणूस तिला म्हणतो, उद्यापासून येऊ नकोस. हा प्रसंग हसवण्यासाठी लिहिलेला आहे आणि आपण हसतोही. पण तो आवाज कुणाचा आहे हे कळल्यावर त्या दृश्यातला इझ्माचा अविश्वास, तो अपमान गिळताना घशात अडकलेला श्वास, मला वेगळाच ऐकू येतो. लेखकांनी हे मुद्दाम केलं असेल असं मी म्हणत नाही. ऐकणाऱ्याला मात्र कान झाकता येत नाहीत.

बगीरा मादी असेल तर?

इझ्माच्या दोन वर्षं आधी तिने असा एक आवाज दिला होता, जो आपल्या अंगणातला आहे. १९९८ मध्ये डिस्नेने 'द जंगल बुक: मोगलीज स्टोरी' हा चित्रपट थेट व्हिडिओवर आणला. त्यात खरे प्राणी होते आणि त्यांना माणसांचे आवाज. त्यातल्या बगीराला अर्थाचा आवाज होता. किपलिंगच्या पुस्तकात बगीरा नर आहे, पण तिच्या आवाजाने तो काळा बिबट्या मादी झाला. मऊ पावलांनी येणारी, लाडाने बोलणारी आणि तरीही जिच्यापुढे चार पावलं मागे सरावं अशी.

आपल्या अंगणातला म्हणण्याचं कारण तुम्हाला ठाऊक असेलच. रुडयार्ड किपलिंगचा जन्म १८६५ चा आणि मुंबईचा. मोगलीचं रान आहे शिवनीचं, मध्य प्रदेशातलं, आणि नागपूरकर सुट्टीला जातात ते पेंचचं जंगल त्याच पट्ट्यात येतं. १९९०च्या दशकात रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'जंगल बुक' बघत मोठे झालेल्यांना शेरखानचा हिंदी आवाज अजून आठवत असेल. तो नाना पाटेकर यांचा. २०१६ च्या चित्रपटाच्या हिंदी आवृत्तीतही शेरखान त्यांचाच होता, आणि बगीरा होता ओम पुरी यांचा. दोघेही रंगभूमीवर घडलेले. रंगमंचावर शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची सवय असलेला नट माइकसमोर कुजबुजला, तरी त्या कुजबुजीला वजन राहतं.

बंद खोलीतला नाच

आता स्टुडिओत जाऊया. अॅनिमेशनला आवाज देणं म्हणजे तयार चित्राला आवाज जोडणं, असा आपल्याकडे बऱ्याच जणांचा समज आहे. इझ्मासारख्या पात्राचं काम उलटं चालतं. आधी आवाज, मग चित्र.

कलाकार एका निःशब्द खोलीत माइकसमोर उभा राहतो, बहुतेक वेळा एकटाच. समोरचं पात्र नाही, राजवाडा नाही, पोशाख नाही. हातात संवादांचे कागद आणि कानात दिग्दर्शकाचा आवाज. एकच वाक्य दहा तऱ्हांनी बोलून घेतात. बोलताना कलाकाराचं चित्रणही करून ठेवतात, म्हणजे चित्रकारांना त्याचे हातवारे आणि चेहरा पाहता येतो. मग निवडलेला आवाज तुकड्या-तुकड्यांत मोजला जातो. पडद्यावरच्या एका सेकंदात २४ चौकटी असतात. कोणतं अक्षर कितव्या चौकटीवर पडतं, श्वास कुठे घेतला, ठसका कुठे लागला, याचा तक्ता चित्रकारापुढे येतो आणि तो त्यावर पात्राला चालवतो, वळवतो, नाचवतो.

थोडक्यात, आवाज देणारा माणूस ताल देतो आणि चित्र त्या तालावर नाचतं. तबलजी आणि नर्तकी यांचं नातं इथे पालटतं. आयुष्यभर दुसऱ्याच्या ढोलावर नाचलेली बाई आता स्वतः ढोल झाली होती.

दुसरी गोष्ट आणखी मजेची आहे. माइकसमोर पाय हलवून चालत नाही, कारण जमिनीचा आवाज लागतो. तोंड आणि माइक यांतलं अंतर बदललं की आवाज बदलतो. सळसळणारे कपडे नकोत, बांगड्या नकोत, झुमके नकोत. पण शरीर ताठ ठेवून बोललं तर आवाजही लाकडासारखा येतो. तेव्हा पाय रोवलेले, डोकं जागच्या जागी आणि खांदे, हात, पोट, पाठ मात्र पात्राबरोबर जिवंत, असं करावं लागतं. आठवलं काही? सोळाव्या वर्षी डनहॅमबाईंनी जे घोटून घेतलं होतं, ते नेमकं हेच. शरीराचा एक भाग स्थिर, दुसरा चालू. अर्थाने हा संबंध स्वतः कधी जोडला की नाही यात मी पडत नाही, मला तो स्वच्छ दिसतो.

चित्रपटातला एक प्रसंग पुन्हा लावा. इझ्मा सम्राटाला मारायची योजना आखते. त्याला पिसू करायचं, ती पिसू एका डबीत घालायची, ती डबी दुसऱ्या डबीत, ते पार्सल टपालाने स्वतःलाच पाठवायचं आणि आलं की हातोड्याने ठेचायचं. मग एकदम लक्षात येतं, की नुसतं विष दिलं तर टपालखर्च वाचेल. आवाज बघा कसा चढतो. प्रत्येक डबीला एक पायरी, शेवटी पार आकाशात, आणि टपालखर्चाशी धाडकन सम. ही नाचणाऱ्याची लय आहे. कुठे थांबायचं हे तिच्या टाचांना माहीत होतं.

गाणं गेलं, बोलणं उरलं

इझ्मा तिला अशी आयती मिळालेली नाही. चित्रपट सुरू झाला होता तो 'किंगडम ऑफ द सन' या नावाने, मोठा गंभीर, संगीतमय. दिग्दर्शक रॉजर अॅलर्स, गाणी स्टिंग या प्रसिद्ध गायकाची. त्या कथेत इझ्मा चेटकीण होती. उन्हाने आपली कातडी सुरकुतते म्हणून सूर्यच विझवायला निघालेली! अर्थासाठी त्यात एक जोरकस गाणं होतं आणि ते ध्वनिमुद्रितही झालं.

पण १९९८ च्या सुमाराला स्टुडिओला चित्रपट जमत नाहीसा वाटला. बरीचशी कथा फेकून दिली गेली. अॅलर्स बाहेर पडले, मार्क डिंडल यांनी सगळं नव्याने विनोदी केलं. इझ्माचं चित्र काढणारे आंद्रेआस डेजाही दुसऱ्या चित्रपटाकडे वळले आणि ते काम डेल बेअर यांच्याकडे आलं. अर्थाचं गाणं चित्रपटातून गेलं. ते आजही ध्वनिफितीच्या संग्रहात ऐकायला मिळतं, आणि ऐकाच, कारण सत्तरीतल्या बाईचा तो दम थक्क करतो.

गायिकेच्या तोंडचं गाणं काढून घेतलं की उरतं काय? इझ्माच्या बाबतीत संवाद उरले, आणि ते तिने गाण्यासारखे वापरले. माझं प्रामाणिक मत विचाराल तर गाणं गेलं ते बरंच झालं. गाण्यातली इझ्मा भव्य असती, पण बोलण्यातली इझ्मा माणूस वाटते. चिडकी, नटवी, हट्टी आणि स्वतःच्या म्हातारपणावरचे टोमणे ऐकून घेणारी. शेवटी औषधाच्या बाटलीवर चुकून पाय पडून ती मांजराचं पिल्लू होते आणि तिचा आवाज चिमुकला चिरका होतो. कॅटवूमन पाहिलेल्या आज्या-आजोबांना या विनोदाची गंमत नातवंडांपेक्षा थोडी जास्त कळली असणार.

या भूमिकेसाठी तिला २००१ मध्ये अॅनी पुरस्कार मिळाला. अॅनिमेशनच्या जगात त्याचा मान मोठा. आणि चित्रपट आला त्याच साली ती ब्रॉडवेवर 'द वाइल्ड पार्टी'मध्ये रोज उभी राहत होती, त्याचंही टोनी नामांकन तिला मिळालं. म्हणजे रंगमंच सुटला म्हणून माइक धरला, अशी ही गोष्ट नाही. दोन्ही एकाच वेळी चालू होतं.

आपल्याकडच्या नाचात आवाज आधीपासून आहे

तुमच्या घरात कुणी कथक शिकत असेल तर 'पढंत' हा शब्द तुम्ही ऐकला असेल. नाचण्याआधी नर्तकी हातावर ताल धरून बोल म्हणून दाखवते आणि मग तेच पायांतून काढते. पुण्यात रोहिणी भाटे यांनी १९४७ मध्ये नृत्यभारती सुरू केली, तिथपासून महाराष्ट्रात कथक शिकलेल्या पिढ्यान्पिढ्या हे करत आल्या आहेत. भरतनाट्यमच्या वर्गात गुरू हाताने ताल देत जती म्हणतात, मुली ऐकून-ऐकून त्या पाठ करतात. भरतमुनींच्या नाट्यशास्त्रात अभिनयाचे चार प्रकार सांगितलेत, त्यांत आंगिकाच्या शेजारीच वाचिक आहे. आणि बैठकीची लावणी ज्यांनी पाहिली असेल त्यांना वेगळं सांगायला नको. यमुनाबाई वाईकर बसून अदा करत, पाय मांडीखाली, आणि सगळा नाच डोळ्यांत, बोटांत आणि गळ्यात.

तेव्हा नाच शिकणाऱ्या मुलीने किंवा मुलाने आवाजाच्या कामाकडे वळावं, यात आडवळण काही नाही. फक्त आपल्याकडचं बहुतेक काम डबिंगचं असतं, हे लक्षात ठेवा. तिथे चित्र आधीच तयार असतं. परदेशी पात्राचे ओठ जेवढे हलतात तेवढ्यातच आपलं वाक्य बसवायचं. इंग्रजी किंवा जपानी वाक्य छोटं, मराठी-हिंदी लांब, मग शब्द गाळा, घाई करा, पण घाई ऐकू येऊ देऊ नका. तिहाई समेवर आणणाऱ्याला हा हिशेब पटकन जमतो.

आणि स्टुडिओत एक मोठं काम असतं ते बिनशब्दांचं. पडणं, धापा टाकणं, उडी मारणं, मुक्का खाणं, भिंत चढणं. यांचे आवाज रांगेने एकामागून एक काढायचे असतात. दम लागल्यावर श्वास कुठून येतो हे ज्याला अंगाने माहीत आहे, त्याचा आवाज खरा वाटतो.

घरी सुरुवात करायची तर खर्च शून्य. तोडे झाल्यावर, धाप लागलेली असतानाच, मोबाईलवर चार वाक्यं मुद्रित करा. मग अर्ध्या तासाने शांत बसून तीच वाक्यं. दोन्ही ऐकून बघा. पाय न हलवता रागावून बोला, पाय न हलवता पळत असल्यासारखं बोला. आजीला गोष्ट वाचून दाखवा आणि प्रत्येक प्राण्याची चाल आवाजात आणा, चष्मा नसला तरी तिला कोण आलं ते कळलं पाहिजे. मुलांचा घसा मात्र जपा, ओरडून राक्षस करायची सवय वाईट. आणि आवाजाच्या कामाची निवड चाचणी घेतो म्हणत कुणी आधीच पैसे मागितले, तर तो नंबर सरळ बंद करा.

शेवटची मांजर

२००६ पासून 'द एम्परर्स न्यू स्कूल' ही इझ्मा-कुझ्कोची मालिका सुरू झाली तेव्हा अर्था जवळजवळ ऐंशीची होती. या मालिकेतल्या आवाजासाठी तिला २००७ आणि २००८ अशी सलग दोन वर्षं डेटाइम एमी पारितोषिकं मिळाली. तिची मुलगी त्या सगळ्या वर्षांत तिच्याबरोबर असायची. ज्या आईला स्वतःच्या वडिलांचं नाव वाचता आलं नाही, तिने आपल्या लेकीला नाव दिलं होतं किट.

२५ डिसेंबर २००८ रोजी, नाताळच्या दिवशी, मोठ्या आतड्याच्या कर्करोगाने अर्था गेली. वय ८१. अमेरिकेतल्या रेडिओंवर त्या दिवशी, दरवर्षीप्रमाणे, 'सांता बेबी' वाजत होतं.

तिसरी एमी तिला २०१० मध्ये मिळाली, मरणोत्तर. 'वंडर पेट्स!' या अगदी लहान मुलांच्या मालिकेतल्या एका भागासाठी होती ती. त्या भागात तिने आवाज दिला होता एका मांजराला.